काळ विणणाऱ्यांची पोथी

आमच्या समुद्रपुरात काळ विणणारे होते. हसू नका, खरंच होते. सूत कातणाऱ्यांच्या वर्धा जिल्ह्यात राहून त्यांच्यातल्या एकालाही साधा पंचा विणता येत नव्हता, पण काळ मात्र विणायचे. त्यांचा मूळपुरुष म्हणे मागावर बसून कालचा दिवस उभा आणि उद्याचा आडवा लावायचा. एका शिष्याचं मरण त्यानं तीन दिवस मागं सारलं होतं. चौथ्या दिवशी त्या शिष्याचं काय झालं, ते कोणी सांगत नसे.

या पंथाची एक पोथी होती. लाल फडक्यात बांधलेली, सुट्या पानांची, वर-खाली लाकडी फळी. दर गुरुवारी महाराज ती काखेत घेऊन वडनेरहून यायचे, तेही नवाचे अकरा करून. काळ मुठीत असलेल्या माणसाची एस.टी. चुकायची! पण हे बोलायची सोय नव्हती, कारण बैठक आमच्याच घरी भरायची. बाबांचं कापडाचं दुकान. ठाणातला एक धागा ओढून, जाळून, वास घेऊन भेसळ ओळखणारा हा माणूस. पोथीपुढं बसताना मात्र अक्कल चपलांसोबत दाराबाहेर काढून ठेवायचा.

कौल लावायची पद्धत साधी होती. डोळे मिटायचे, प्रश्न मनात धरायचा आणि हळदीचा दोरा पानांच्या गठ्ठ्यात सरकवायचा. दोरा जिथं शिरेल ते पान महाराज वाचणार. मी तेव्हा हिंगणघाटला बी.एस्सी. करत होतो, म्हणजे शहाणपणा नुसता उतू जात होता. चार गुरुवार पाहिल्यावर माझ्या ध्यानात आलं, की दोरा फिरून फिरून एकाच पानाशी जातो. तेला-हळदीच्या बोटांनी ते पान फुगलं होतं, बाकीची एकमेकांना चिकटली होती. आणि त्या पानावर काय? ‘वीण चालू आहे, घाई करू नये.’ पोरीचं लग्न विचारा, प्लॉट विचारा, घाई करू नये. लोक माना डोलवत घरी जायचे. असला सल्ला खोटा तरी कसा ठरणार, सांगा!

मग आईच्या छातीत गाठ निघाली. वर्ध्याच्या डॉक्टरांनी सांगितलं, ऑपरेशन लगेच करा. बाबांनी मान डोलवली आणि गुरुवारची वाट पाहिली.

दोरा आईनंच सरकवला. दुसरीकडं कुठं जाणार होता तो?

“घाई नाई करायची,” बाबा म्हणाले. चेहऱ्यावर असं समाधान, की डॉक्टरच झक मारतो.

माझं डोकं फिरलं. भर बैठकीत मी ओरडलो, “बाबा, ते पान फुगलं आहे! दुसऱ्या पानात दोरा जातच नाई. लावून पाह्यजा तुम्ही!” महाराजांनी डोळे मिटून घेतले. बाबांनी माझं बखोट धरून मला अंगणात काढलं.

दुपारी मी स्वयंपाकघरात गेलो. वहीचे कागद घेतले, एक ओला करून वाळवला, सगळ्यांचा गठ्ठा केला आणि दोरा सरकवून आईला प्रयोगच करून दाखवला. कणीक मळता मळता तिनं सगळं पाहिलं.

“लय हुशार झाला रे बाप्पा,” एवढंच म्हणाली.

असे तीन महिने गेले. दर गुरुवारी ती दोरा लावायची आणि दर गुरुवारी तेच पान. मी महाराजांना भोंदू म्हणायचो, बाबांना मेंढरू आणि मनातल्या मनात आईला अडाणी. शेवटी काखेतही गाठ आली, तिचा हात वर होईना, तेव्हा कुठं बाबांनी जीप ठरवली. डॉक्टरांनी विचारलं, इतके दिवस थांबलात कशाला? बाबा फरशीकडं पाहत राहिले. मला त्यांची कीव आली नाही, सरळ सांगतो.

वॉर्डात आई आणि मी दोघंच होतो. मी सुरू झालो, “जाळून टाकली पाह्यजे ते पोथी. तुले सांगतलं होतं ना मी, पान फुगलं आहे म्हून?”

“मले माईत होतं,” ती म्हणाली. “तुह्या आधीपासून. पोथीले नवं फडकं मीच तं बांधाची.”

“मंग काऊन लावत होती दोरा?”

“भेव वाटे रे. कापतीन, मंग मी उठीन का नाई? पोथी थांब म्हणे, तं तेवढा आठवडा बरा जाये. तुह्या बाबाले सांगतलं असतं, तं ते रडत बसले असते. तुले सांगाव म्हटलं, तं तू कागद घेऊन आला.”

दुसऱ्या दिवशी सकाळी तिला आत न्यायला आले, तेव्हा मी पहिल्यांदा विचारलं, “आई, भेव वाटते का?”

“वाटते ना,” ती म्हणाली, आणि दारापर्यंत तिनं माझं मनगट सोडलं नाही.

ऑपरेशनमधून ती उठली. पण उशीर व्हायचा तो होऊन गेला होता. पुढची होळी तिनं पाहिली नाही.