लिनला नोकरीला लावताना

चहा आहे ना सगळ्यांच्या हातात? मग ऐका. पण एक अट. मधेच कोणी 'अरे, पण तू त्याला नीट विचारलं का नाहीस?' असं म्हणायचं नाही. हा प्रश्न मला बायकोने विचारून झालाय, मुलीने विचारून झालाय, आणि चीनमधल्या असंख्य अनोळखी लोकांनी खास फोन करून विचारलाय.

होय, चीनमधल्या! एका माणसाचा आठ वर्षांचा नेम मी एका संध्याकाळी मोडला. आणि तोही त्याचं भलं करायला जाऊन!

मेलबर्नचा तो दुसरा, लांबलचक लॉकडाऊन. आम्ही क्रेगीबर्न या उपनगरात. पाच किलोमीटरच्या बाहेर जायचं नाही, कोणाच्या घरात पाऊल टाकायचं नाही. मी, मेधा आणि आमची बारा वर्षांची सई, तिघं तीन खोल्यांत तीन लॅपटॉप उघडून बसलेलो. मेधाचं बँकेचं काम, सईची शाळा, आणि मी एका पंप बनवणाऱ्या कंपनीत बिझनेस अ‍ॅनालिस्ट. आता पंपाच्या कंपनीत बिझनेस अ‍ॅनालिस्ट नेमकं करतो काय, ते मला विचारू नका. कोणी विचारलं की मी विषय बदलतो.

शेजारच्या घरात लॉकडाऊनच्या जरा आधी लिन राहायला आला होता. पस्तिशीचा, बारीक, चष्मेवाला, एकटाच. दिवसभर घरात. अकराच्या सुमारास पायजम्यावर मागच्या अंगणात यायचा, हातवारे करत फेऱ्या मारायचा, स्वतःशी पुटपुटायचा आणि आत जायचा. एकदा तर त्याने केरसुणी उलटी धरून लिंबाच्या झाडावर सपासप वार केले. मी ओट्याशी उभा राहून बघतोय!

"नोकरी गेलेली दिसतेय बिचाऱ्याची," मी मेधाला म्हणालो.

"तुला काय माहीत?"

"अगं, वर्किंग डेला सकाळी अकराला माणूस झाडाशी बोलतोय. नोकरी असलेला माणूस झाडाशी बोलेल?"

"परवा तू प्रिंटरशी भांडत होतास."

"ते ऑफिसचं काम होतं."

त्याच दिवशी मी दुधाचा रिकामा क्रेट उलटा टाकला, त्यावर चढलो आणि कुंपणावरून डोकं वर काढलं. आमचं कुंपण पत्र्याचं, सहा फुटी. म्हणजे लिनला माझा फक्त गळ्याच्या वरचा भाग दिसायचा. तोही माकडटोपीतला, कारण ऑगस्टातली मेलबर्नची थंडी आणि माझे कान यांचं जमत नाही. ती टोपी लक्षात ठेवा, पुढे लागणार आहे.

"हाय मेट! काम काय करतोस?" मी विचारलं. नाव नंतर विचारलं. आपली पद्धत!

"घरीच असतो. गोष्टी लिहितो. इंटरनेटवर." लिनचं इंग्रजी माझ्यापेक्षा चांगलं, फक्त तो ते कमी वापरतो.

आता तुम्हीच सांगा, भर लॉकडाऊनमध्ये पायजमा घातलेला माणूस 'इंटरनेटवर गोष्टी लिहितो' म्हणाला, तर तुम्ही काय समजाल? मी तेच समजलो. बेकार! पण हे नोंदवून ठेवा, की माणूस पहिल्याच दिवशी, पहिल्याच वाक्यात खरं बोलला होता.

"किती वर्षं?"

"आठ."

आठ वर्षांची गॅप! मी क्रेटवरून पडता पडता वाचलो. आमच्याकडे बायोडेटात तीन महिन्यांची गॅप असली तर लग्नात आत्या कोपऱ्यात घेऊन चौकशी करते. आणि हा आठ वर्षं असा उघड्यावर फिरतोय!

"आणि तू?" लिनने शांतपणे विचारलं. "तुला तुझं काम आवडतं?"

"कुकरची शिट्टी झाली वाटतं," मी म्हणालो आणि खाली उतरलो.

तर लिनला मार्गी लावायचं, हे मी त्या दिवशी ठरवलं. रोज संध्याकाळी चारला मी क्रेटवर आणि तो पलीकडे. आधी कुंपणावरून स्टीलचा डबा जायचा, आमटी-भात, कधी थालीपीठ. डब्याच्या मागोमाग सल्ला. लवकर ऊठ. दाढी कर. प्रोफाइलवर टाय लावलेला फोटो टाक. लिन ऐकून घ्यायचा. कधी कधी खिशातून वही काढून लिहूनही घ्यायचा! माझं आयुष्यात कोणी काही लिहून घेतलेलं नाही हो. मला भरून यायचं. आणि दुसऱ्या दिवशी डबा कधी रिकामा परत आला नाही. संत्री, तिळाच्या वड्या, काहीतरी असायचंच. "बघ, हातात नोकरी नाही तरी रीत सोडत नाही," मी मेधाला म्हणायचो.

एकच गोष्ट होती. पाचला दहा कमी झाले की तो निघायचा.

"मला पाचला काम असतं. रोजचं. आठ वर्षांत एकही दिवस चुकवलं नाही."

मी समजलो, आईला फोन करत असेल. मुलगा चांगला आहे, ह्याची मला आणखी खात्री पटली.

एकदा बोलता बोलता मी सईची तक्रार केली. "शाळा संपली की एक चिनी कार्टून लावून बसते. ढगांवर उभं राहून तलवारी फिरवतात. अरे, असली स्टोरी कोण लिहीत असेल? नक्की कोणीतरी रिकामटेकडा!"

लिनने चष्मा काढून पुसला. मग म्हणाला, "हो. वेळ फार जातो त्यात."

शेवटी मीच त्याचा बायोडेटा लिहायला घेतला. 'अनुभव' या रकान्यापाशी अडलो. आठ वर्षं कशी भरायची? लिहिलं, 'कौटुंबिक कारणांमुळे घरी.' मग गुणांची यादी: प्रामाणिक, वेळ पाळणारा, झाडांची आवड. सगळ्यात खाली, छंद: 'फावल्या वेळात छोट्या गोष्टी लिहितो.' रेफरन्स म्हणून माझं नाव आणि माझा मोबाईल. लिनने तो कागद दोनदा वाचला. त्याचे ओठ थरथरत होते. मला वाटलं, गहिवरला.

आमच्या कंपनीत पंपांची माहितीपत्रकं लिहिणारा माणूस हवा होता. मी माझा मॅनेजर डॅरन याच्या मागे लागलो. "हिऱ्यासारखा माणूस आहे, माझ्या शब्दावर बघ," असं म्हणालो. मुलाखत ठरली, व्हिडिओवर, गुरुवारी साडेचारला.

"गुरुवार नको. म्हणजे कुठलाच वार नको," लिन म्हणाला. "पाचला मला..."

"वीस मिनिटांत सुटशील. नो वरीज!"

मी माझा शर्ट, माझा टाय आणि माझा लॅपटॉप कुंपणावरून पलीकडे दिला. लिन अंगणातल्या टेबलाशी बसला. वर शर्ट-टाय, खाली पायजमा. मी क्रेटवर, कॅमेऱ्यात येणार नाही असा, खुणा करायला तयार.

डॅरनने पहिली पंधरा मिनिटं फूटीवर, म्हणजे इथल्या फुटबॉलवर घालवली. मग कंपनीचा इतिहास. पाचला पाच कमी असताना लिन उठायला लागला. मी कुंपणावरून दोन्ही हात हलवले. बस! बस खाली! लिन घड्याळाकडे बघतोय, माझ्याकडे बघतोय. त्याचा चेहरा पांढरा पडला होता. इंटरव्ह्यूची भीती, दुसरं काय!

आणि डॅरन म्हणाला, "एक छोटी लेखी परीक्षा घेऊ या. आमचा पंप कसा सुरू करायचा ते लिहून दे. अर्धा तास."

लिनने माझ्याकडे एकदा बघितलं. त्या नजरेचा अर्थ मला पुढे कळला. मी दोन्ही अंगठे वर केले. तो खाली बसला आणि लिहायला लागला. अर्ध्या तासाचा तास झाला, सहा वाजले. अंधार पडला. लिनने लॅपटॉप माझ्या हातात दिला, शर्ट घडी करून दिला आणि आत गेला.

दुसऱ्या दिवशी सकाळी चहा घेतोय तर अनोळखी नंबर. परदेशी. उचलला.

"सर, तुम्ही त्या बायोडेटातले रेफरन्स का?" एक मुलगी इंग्रजीत बोलत होती, रडवेली.

"हो. तुमचीही व्हेकन्सी आहे का?" मी उत्साहाने विचारलं. "अतिशय प्रामाणिक मुलगा. झाडांची आवड..."

"सर, प्लीज! त्यांना नोकरी देऊ नका!"

फोन ठेवला. दुसरा आला. मग तिसरा. एक आजोबा तर माझ्यावर चिनी भाषेत पाच मिनिटं ओरडले. शब्द कळले नाहीत, पण सूर ओळखीचा होता. आमचे बाबा दहावीच्या निकालाला असेच बोलले होते.

पुढचा फोन मी स्पीकरवर टाकला. पलीकडचा मुलगा म्हणाला, "आम्हाला वाटलं ओल्ड अम्ब्रेला कोविडने गेले! आठ वर्षांत पहिल्यांदा चॅप्टर आला नाही. आम्ही सगळे जागे होतो!"

समोर सीरियल खाणाऱ्या सईचा चमचा खाली पडला.

"बाबा! ओल्ड अम्ब्रेला? ही सेड ओल्ड अम्ब्रेला?"

"कोण आहे ती बाई?"

"इट्स नॉट अ बाई! ही रोट माय शो! लिनचं पेन नेम आहे ते! बाबा, तो ऑथर आहे! रोज शार्प पाचला एक चॅप्टर टाकतो, लेट झाला की दिवस चुकला, मिलियन्स ऑफ पीपल वाचतात, आणि त्याचीच ती अ‍ॅनिमेटेड सीरीज आहे! तू काय केलंस?"

म्हणजे पाचचं काम... तो लिंबाच्या झाडावरचा केरसुणीचा हल्ला... 'कोणीतरी रिकामटेकडा'... मी खुर्चीत बसलो. खुर्ची होती म्हणून बरं!

सईने टॅबवर दाखवलं. चाहत्यांची समजूत घालायला लिनने रात्री खुलासा टाकला होता. 'मी ठणठणीत आहे. माझ्या शेजाऱ्याने मला नोकरीच्या मुलाखतीला बसवलं होतं.' त्यावर कोणाचा विश्वास बसेना, म्हणून पुरावा म्हणून मी लिहिलेल्या बायोडेटाचा फोटो! स्वतःचा पत्ता त्याने झाकला होता, खाली माझा मोबाईल झाकायचा राहिला. 'फावल्या वेळात छोट्या गोष्टी लिहितो' या ओळीला लोकांनी लाल गोल केले होते. माझं लिखाण एका दिवसात लाखो लोकांनी वाचलं, आणि तो माझा नव्हे, त्याचा बायोडेटा होता.

"आठ वर्षं रे, आठ वर्षं!" मेधा म्हणाली. "ताप आला तरी लिहिलं असेल त्याने. आणि तू एका पंपासाठी..."

मला खरंच रडू आलं. खोटं नाही सांगत. मी क्रेटवर चढलो. लिन लिंबाखाली बसला होता.

"लिन, माफ कर. मी मूर्ख आहे. तू पहिल्या दिवशी सांगितलं होतंस."

"हो," तो म्हणाला. मग उठून कुंपणाशी येत, "आठ वर्षांत काल पहिल्यांदा सुट्टी मिळाली. वाईट वाटलं, खूप. मग तुझी आमटी प्यालो आणि दहा तास झोपलो. तुझा नंबर झाकायचा राहिला, त्याबद्दल सॉरी. आता काढलाय."

तेवढ्यात डॅरनचा फोन. "मेट, तुझ्या माणसाने पंपावर काय लिहिलंय! ऑफिसात सगळ्यांनी दोनदा वाचलं. शेवटी पाणी वर येतं तिथे माझ्या डोळ्यांत पाणी आलं. कधी जॉइन होतोय?"

लिनने कुंपणापलीकडून मान हलवली. "त्याला सांग, पाचला मला काम असतं."

इथेच गोष्ट संपली असती तर बरं झालं असतं. पण पुढच्या वर्षी, आणखी एका लॉकडाऊनमध्ये, त्या सीरीजचा नवा सीझन आला. आता मीही सईशेजारी बसून बघायचो, भक्तिभावाने. तिसऱ्या भागात नायक ढगांवरच्या किल्ल्यापाशी येतो. समोर उंच पत्र्याची भिंत. आणि भिंतीवर एक मुंडकं. फक्त मुंडकं! राक्षसाचं. गोल चेहरा, मिशी आणि...

"बाबा," सई हळूच म्हणाली, "दॅट्स युवर टोपी."

माकडटोपी! तीच, कानांवरून ओढलेली. राक्षस स्टीलचा डबा पुढे करतो आणि येणाऱ्या-जाणाऱ्याला सल्ले देतो. लवकर ऊठ. दाढी कर. थोर थोर योद्धे त्या भिंतीखाली ऐकून ऐकून म्हातारे झालेले, त्यांच्या दाढ्या जमिनीला टेकलेल्या. तलवार चालत नाही त्याच्यावर, मंत्र चालत नाही. मेधा हसून हसून सोफ्यावरून घसरली.

मग नायक तलवार खाली ठेवतो आणि शांतपणे राक्षसाला विचारतो, "आणि तू? तुला तुझं काम आवडतं?"

मुंडकं गप्प. डोळे इकडून तिकडे. तोंड उघडतं, मिटतं, आणि बघता बघता त्याचा दगड होतो.

सईने टीव्ही थांबवला आणि माझ्याकडे वळली. आता ती हसत नव्हती. तिला खरोखर जाणून घ्यायचं होतं.

"बाबा, डू यू? तुला आवडतं तुझं काम?"

मी तिच्याकडे बघितलं. मेधाकडे बघितलं. टीव्हीवरच्या दगडाकडे बघितलं.

"कुकरची शिट्टी झाली वाटतं," मी म्हणालो आणि उठलो.

त्या दिवशी आम्ही पिझ्झा मागवला होता.