एकशे ब्याण्णव कडांचं कवच

देशाच्या संरक्षणाची सगळी काळजी एकट्यानं वाहणारा माणूस औंढ्यात राहतो आणि तो माझा साडू, म्हणजे आमचे भाऊ. वराळ्याजवळच्या एका कारखान्यात पत्रा कापण्यात त्यांची हयात गेली. निवृत्तीनंतर माणसं देवळाच्या पारावर बसतात. भाऊ पडवीत पत्र्याची कात्री घेऊन बसले ते सात वर्षं उठले नाहीत. त्यांना सुचलं ते लोणावळ्याच्या डोंगरउतारावरच्या नेच्यावरून. "साडूभाऊ, वाऱ्यापावसात केळीचं पान फाटतं. नेच्याचं फाटल्यालं कदी बगितलं का?" असं त्यांनी मला विचारलं. मी पाहिलं नव्हतं, कारण मी नेच्याकडेच कधी पाहिलं नव्हतं. नेच्याच्या पानात पान आणि त्या पानात पुन्हा तसंच पान. या प्रकाराला फ्रॅक्टल म्हणतात हे त्यांना मोबाइलवर कळलं आणि तेव्हापासून आमच्या नातलगांत कुणाचं जेवण सुखानं झालं नाही. आमच्याकडे एकदा फ्लॉवरची भाजी होती. भाऊंनी एक तुरा उचलला, त्यातून लहान तुरा काढला, त्यातून आणखी लहान, आणि शेवटचा कण बोटावर धरून म्हणाले, "ह्यो बी फ्लॉवरच!" तोवर आमटी गार झाली होती. माझी मेहुणी, म्हणजे अक्का, म्हणाली, "आमच्या घरी हे रोजचं हाय. त्यापायी मी फ्लॉवर आणायचा बंद केला."

तर त्या नेच्यावरून भाऊंनी कवच केलं. सत्तावीस इंच बाजूचा पत्र्याचा त्रिकोण. त्याच्या प्रत्येक बाजूच्या मधल्या तिसऱ्या भागावर लहान त्रिकोण, त्याच्या बाजूंवर आणखी लहान. भाऊंचा सिद्धान्त असा, की मार नेहमी कडेकडे पळतो. कडच लांबत गेली तर तो वाटेत दमतो. सिद्धान्तातलं मला कळत नाही, पण कडा मी स्वतः टेप लावून मोजल्या. आधी तीन बाजू, मग बारा, मग अठ्ठेचाळीस, शेवटी एक-एक इंचाच्या एकशे ब्याण्णव. म्हणजे घेर सोळा फूट, सुताचाही फरक नाही. वाण्याच्या काट्यावर वजन पाच किलो भरलं. वाण्यानं विचारलं, "आबा, ह्यानं काय करायचं?" भाऊ म्हणाले, "ते गुपित हाय," आणि पाऊण तास समजावून सांगितलं.

आता हे संरक्षण खात्याला कळवायचं होतं आणि सोबत चाचणीचा अहवाल हवा होता. तो मी लिहावा आणि खाली सही करावी, हा त्यांचा हट्ट. "तुमी खोटा आकडा लिवत न्हाई, हे समद्यांना म्हाईत हाय. तुमची सही न्हाई, तर कागूद जायाचा न्हाई." मी बजावलं, जे दिसेल तेच लिहीन. "मंग दुसरं काय पायजे!" भाऊ म्हणाले.

गोफण मारायला वरच्या वाडीवरचा एक शेतकरी बोलावला. भातावर बसलेल्या पोपटाला धक्का न लावता खालची लोंबी हलवणारा, अशी त्याची ख्याती. चाळीस पावलं मी मोजली. भाऊ कवच छातीशी धरून मांडी घालून बसले. डोकं वर आणि दोन्ही गुडघे बाहेर. अक्का दारातून ओरडली, "टाळकं फुटलं तर मला हाका मारू नगा!" दहा दगड सुटले. सहा डावीकडून गेले, तीन उजवीकडून, एक डोक्यावरून थेट शेणखईत. भाऊ उठले ते नाचतच. "बगितलं? वळालं समदं! जवळ यायच्या आदीच दमलं!"

घाम पुसत असलेल्या त्या गोफणवाल्याला मी बाजूला नेलं. दहापैकी शून्य, हा आकडा मला पटत नव्हता.

"मुद्दाम चुकवलेस?"

"व्हय. आबा मागं बसल्यात, पाव्हणं. त्यांच्या अंगावर दगूड मारायचा व्हय? हात तरी उचलंल का?"

"मग आधी का नाही सांगितलंस?"

"त्यांनी एवढ्या हौसेनं बोलिवलं. न्हाई कसं म्हणायचं?"

चाचणी रद्द, असं लिहायचं ठरवूनच मी पडवीत आलो. भाऊ कवचाचे पट्टे लावून बघत होते. पट्टा त्यांच्या खांद्यावरून चांगला चार इंच खाली लोंबत होता. मी म्हणालो, "भाऊ, हे माप चुकलंय." चहा घेऊन आलेली अक्का हळू म्हणाली, "चुकलं न्हाई. नातू मिल्ट्रीत गेला न्हवं का. सुट्टीवर आलता तवा दुपारचा झोपला, तर ह्यांनी त्याच्या छातीला टेप लावला."

मी चहा प्यालो आणि अहवाल लिहिला. अंतर चाळीस पावलं. दगड दहा. कवचाला लागले शून्य. मागच्या माणसाला लागले शून्य. यात एकही आकडा खोटा नाही. निष्कर्षाचा रकाना कोरा ठेवून सही केली. आयुष्यात कोऱ्या रकान्याच्या कागदावर मी केलेली ती एकमेव सही.

कागद जाऊन वर्ष होत आलं, उत्तर नाही. भाऊंना त्याचं फारसं काही वाटत नाही. सरकारी काम, म्हणतात. परवा त्यांनी मला जपून ठेवलेली झेरॉक्स दाखवली. कोऱ्या रकान्यात त्यांच्या वळणदार अक्षरात पेन्सिलीनं दोनच शब्द होते : माणूस सुखरूप.

मी वाचलं आणि कागद घडी करून त्यांच्या हातात परत दिला.