समोरचे चार दात

दात मोडल्याची भरपाई मागायला गेलेल्या माणसाने भर कोर्टात ट्रंपेट इतकं गोड वाजवलं, की दारातला शिपाईसुद्धा मान डोलवायला लागला. ही करामत त्याच्या धाकट्या भावाची. दादा बँडमधला पहिला ट्रंपेटवाला आणि धाकटा त्याच बँडमध्ये ड्रम बडवणारा. ‘न्यायाधीशांसमोर वाजवून दाखवावं लागेल,’ असा वकीलबाईंचा निरोप आला आणि धाकट्याच्या अंगात संचारलं. रोज संध्याकाळी समोर बसून त्याने दादाकडून एकच चाल घोटून घेतली. कवळी हलू नये म्हणून हिरड्यांना लावायची पेस्ट आणली. चारचौघांत दादाची शोभा होऊ नये, एवढाच त्याचा हेतू. शोभा झाली नाही. केस मात्र बुडायला आली.

“अहो, जमत नाही हे दाखवायचं होतं!” वकीलबाई दातओठ खात कुजबुजल्या. “तुम्ही तर मैफल मांडलीत.”

“बाई, दादाला मुद्दाम वाईट वाजवता येत नाही,” धाकटा म्हणाला. हे त्याने जरा अभिमानानेच सांगितलं, आणि मग जीभ चावली.

दादा तसाच होता. लहानपणी नळीला नरसाळं लावून फुंकायचा. घरमालक नरसाळं काढून घ्यायचा, दादा दुसरं पैदा करायचा. पुढे त्याच फुंकरीवर त्याने संसार उभा केला. मग एका टेम्पोने उलट्या बाजूने येऊन स्कूटर उडवली. दादाचं तोंड हँडलवर आपटलं, वरचा ओठ फाटला आणि समोरचे चार दात गेले. विमा कंपनीचं म्हणणं, माणूस जेवतो, बोलतो. चार दातांचे ते काय पैसे द्यायचे! पण ट्रंपेट ओठांवर दाबायचं असतं आणि तो दाब ओठांमागच्या समोरच्या दातांनी झेलायचा असतो, हे त्यांना सांगणार कोण?

“हात मोडला असता तर लोकांना दिसलं तरी असतं,” वहिनी म्हणायची. “भाऊजी, तुम्हीच समजवा कोणाला तरी.”

भाऊजींनी समजावलं ते असं.

कंपनीचे वकील खुशीत उठले. “साहेब, याला अपंगत्व म्हणत असाल तर थोडं मलाही मिळावं!”

सगळे हसले. न्यायाधीशही हसले, पण त्यांनी दादाकडे पाहिलं. “छान वाजवता. आता दुसरं काहीतरी वाजवा.”

दादाने धाकट्याकडे पाहिलं. धाकट्याने छताकडे. दुसरं काही नव्हतंच.

दादाने ट्रंपेट खाली ठेवलं आणि रुमाल ओठाला लावला. रुमालावर लाल डाग उमटला. “एवढंच येतं, साहेब. यापुढे कवळी ओठात रुतते.”

“आणि लग्नाची मिरवणूक किती वेळ चालते?”

“ते नवऱ्याच्या मित्रांवर असतं, साहेब. नाचायला लागले की हलत नाहीत.” मग दादा मान खाली घालून म्हणाला, “गेला हंगामभर मी नुसते गाल फुगवले. वाजवत होता शेजारचा. मला आता काम जमत नाही. आमच्या बँडला हे माहीत नाही; तेवढं बाहेर सांगू नका.”

धाकट्याला डोळे वर करवेनात. सगळ्या बँडला माहीत होतं. शेजारच्याला दुप्पट जोरात फुंकायला त्यानेच तर सांगितलं होतं. पण ‘जमत नाही’ हे शब्द दादाच्या तोंडून त्याने जन्मात पहिल्यांदा ऐकले.

पुढच्या तारखेला बँडच्या मालकाची आणि दातांच्या डॉक्टरांची साक्ष झाली. निकालात न्यायाधीशांनी लिहिलं की या माणसाचे दात ही त्याच्या कामाची हत्यारं होती. बुडालेली कमाई आणि पक्के दात बसवण्याचा खर्च, दोन्ही मंजूर झालं. मात्र कोर्टाच्याच हुकमाने बरीचशी रक्कम काही वर्षं बँकेत ठेवायची होती. हातात आलं त्यात तीन दात झाले. चौथा डॉक्टरांनी उधारीवर बसवला. ते रुजेपर्यंत तोंडात कवळीच होती.

हाडात दात पक्के रुजले आणि डॉक्टरांनी परवानगी दिली, त्या दिवशी दादाने ट्रंपेट तोंडाला लावलं. म्हैस हंबरली. वहिनी स्वयंपाकघरातून म्हणाली, “हंबरू दे, दूध तरी देईल!” महिन्याभरात म्हशीचा पुन्हा माणूस झाला. हंगामाच्या शेवटच्या मिरवणुकीत नवऱ्याचे मित्र हटेनात, आणि दादाही हटला नाही. शेजारच्याने मुकाट्याने ट्रंपेट खाली केलं आणि ओठांना विश्रांती दिली.

परवा डॉक्टर रस्त्यात भेटले. “जपून वाजवा हो, त्यातला एक दात अजून माझा आहे.”

“वरचा सूर त्याच्यावरच लागतो, डॉक्टर,” दादा म्हणाला. “पुढच्या हंगामात नक्की फेडतो.”

“मागच्या हंगामातही हेच म्हणालात.”

“तेव्हा कवळी होती. कवळीच्या बोलण्यावर काय विश्वास ठेवता!”