मामांनी न सांगितलेला बिघाड

पाळी सुरू झाली की मामा पत्रा दाबायच्या प्रेसचे दोन-चार रिकामे ठोके घ्यायचे आणि मशीनच्या अंगावर उजवा तळहात टेकवून उभे राहायचे. कानांत बोळे असायचे, तरी म्हणायचे, "ऐकून तर घेऊ, काय म्हणतीय ती."

वाळूजच्या एका कारखान्यात मी त्यांच्या पाळीचा सुपरवायझर होतो. वयानं त्यांच्या मुलाएवढा. सगळे त्यांना मामा म्हणत. गाव सिल्लोडकडचं, लहानपण मेंढरांमागं गेलेलं. "कळपात एखादं लंगडाय लागलं की चालीवरनंच कळतं साहेब. मशीनचं तसंच हाय," असं ते सांगायचे. आम्ही हसायचो.

एका दुपारी माल न्यायला गाडी गेटवर उभी होती आणि मामांनी प्रेस बंद केली. "ठोका बदललाय," एवढंच म्हणाले. मॅनेजर धावत आले. "गाडी खोळंबलीय आणि तुम्ही मशीनची नाडी बघत बसलात?" पन्नास माणसांसमोर ते बोलले. मी बाजूलाच होतो, गप्प राहिलो.

मशीन खोललं, तर वरच्या जड भागाचा एक बोल्ट तडकलेला. आणखी तासभर चाललं असतं, तर त्याखाली कुणाचा तरी हात सापडला असता. मॅनेजर म्हणाले, "लवकर सुरू करा." अहवाल मी लिहिला : दुरुस्ती विभागाला वेळीच दोष आढळला. मामांचं नाव मला सुचलंच नाही, असं म्हणणं खोटं होईल. मॅनेजरांना ते रुचलं नसतं, म्हणून टाळलं.

वार्षिक कार्यक्रमात दुरुस्ती विभागाच्या प्रमुखांना त्याबद्दल शाल मिळाली. मामा मागच्या रांगेत होते. त्यांनीही टाळ्या वाजवल्या.

त्यानंतर मामा बदलले. कामात खोट नव्हती, पण बोलणं "व्हय साहेब", "नाय साहेब" एवढ्यावर आलं. मशीनवर हात टेकवणंही बंद झालं. तुमच्याही कामाच्या जागी असं एखादं माणूस गप्प झालं असेल, तर नीट बघा. मी बघत होतो. प्रत्येक ठोक्याला वाटायचं, हा बरोबर आहे ना? मला त्यातलं काहीच कळत नव्हतं.

न राहवून एकदा विचारलं, "मामा, मशीन कसं आहे?"

"मला काय कळतंय साहेब? कागदावर समदं ठीक हाय की."

अहवाल त्यांनी वाचला होता.

दुसऱ्या दिवशी मी तो अहवाल दुरुस्त करून मॅनेजरांपुढं ठेवला. त्यांनी तो वाचून सही केली. पाळीच्या सुरुवातीला सगळ्यांना उभं करून मी तो वाचून दाखवला. "त्या दिवशी मशीन मामांनी थांबवलं. मी त्यांचं नाव लिहिलं नव्हतं. ती माझी चूक."

मामा खाली बघत फडक्यानं हात पुसत राहिले. माणसं पांगल्यावर जवळ आले.

"शालीचं काय नव्हतं साहेब. बरोबर केलं मामा, असं कुणी एकानं म्हणायचं व्हतं. मलाच वाटाय लागलं, आपलं चुकलं का काय." मग आवाज उतरवून म्हणाले, "क्लच सुटायला वेळ लावतोय, ठोका लगेच थांबत नाय. तीन दिवस झाले."

"तीन दिवस? आणि तुम्ही चालवताय?"

"रोज तोंडाशी यायचं, पर बाहेर पडत नव्हतं. माझ्या हाताखालच्या मदतनीस पोरीला तेवढं पलीकडच्या मशीनवर धाडलं. म्हटलं, झालं तर माझं हुईल."

मी पळत जाऊन प्रेस बंद केली. त्या दिवशी कुणी ओरडलं नाही.

अहवालाची एक झेरॉक्स मामांनी मागून घेतली, पुंडलिकनगरला घरी बायकोला दाखवायला. डब्याच्या पिशवीत घडी न घालता, उभी ठेवून नेली.

गेल्या वर्षी ते निवृत्त झाले. आता त्या प्रेसवर एक अबोल माणूस आहे. मी रोज त्याला विचारतो, "काही वेगळं वाटतंय का?"

"नाही सर," तो म्हणतो.

तरी मी लगेच हलत नाही. तो आणखी काही बोलेल म्हणून थोडा वेळ तिथंच उभा राहतो.