बाईंच्या नाटकातला फ्रॉक

हळदीकुंकवाचा बेरंग करण्यात आमच्या शेजारच्या बाईंचा हात धरणारं माणूस अख्ख्या शिवाजी पेठेत नाही. शाळेत इतिहास शिकवून निवृत्त झाल्या तरी शिकवायची खुमखुमी जाईना, म्हणून त्यांनी एक एकपात्री रचलं. नायिका कोण, तर इंग्रजांच्या अमलातल्या अमेरिकेतली एक काळी बाई; गुलाम नसलेली, लोकांची धुणी धुऊन जगणारी. संक्रांतीला पेठेतल्या बायका उखाणे ऐकायला जमायच्या आणि बाई मधोमध टब मांडून खरोखरीचं धुणं धुवायला बसायच्या. धुणं अर्थात यजमानणीचं. एकदा तर प्रमुख पाहुणीच्या खांद्यावरची शाल ओढून त्यांनी साबणात बुडवली. कुणी तोंडाला काजळ फासायचं सुचवलं, तेव्हा बाई भडकल्या. "रंग फासून दुसऱ्याची बाई हुता येत न्हाय. तिचं काम करून बघा की, मग कळंल."

त्या धुणंवालीचा नवरा गुलाम. ही त्याला भेटायला जाऊ शके, त्याला मात्र हिच्या घरी यायची मुभा नव्हती. त्याचा सदरा आपटताना ती त्याच्या मालकाचा असा उद्धार करी, की बायका हसून लोळत. पण नाटकाचा शेवट कधी झालाच नाही. तिकडे तेव्हा गरीब काळ्या आईचं मूल, ती स्वतंत्र असली तरी, तिला न विचारता परक्या घरी कामाला बांधून देत. हिची मुलगी तशीच नेतात आणि मागे ही तिचा फ्रॉक धुते, एवढाच शेवट. बाईंनी टबातून तो इवलासा फ्रॉक काढला, की यजमानीण तिळगूळ घेऊन आडवी येई. "सणासुदीला रडं नको, बाई."

"एकदा तरी शेवट हू दे," बाई मला म्हणाल्या. "नवरा गेला तवा समदी म्हणाली, मोकळी झालीस. आन् पोरगी सासऱ्यानं गारगोटीला ठिवून घेतली." फ्रॉक त्या पोरीचाच होता.

यंदा मी माझ्याच घरी हळदीकुंकू ठेवलं आणि कुणाला मध्ये बोलू दिलं नाही. बाईंनी फ्रॉक धुतला, पिळला, झटकला आणि वाळत घालायला जागा नसल्यासारखा स्वतःच्या खांद्यावर टाकला. सगळ्या जणी रडल्या. माझ्या सासूबाई तर हुंदके देत होत्या. मग त्या डोळे पुसत उठल्या, कुंकवाचा करंडा घेऊन एकेकीला कुंकू लावत निघाल्या आणि सवयीने बाईंना टाळून पुढच्या बाईपाशी गेल्या.

बाईंच्याही ते सवयीचं असावं. मी करंडा घ्यायला उठेपर्यंत त्या टब उचलून दाराशी पोचल्या होत्या.

"फ्रॉक वल्ला हाय," म्हणाल्या, "तुझ्या दोरीवर टाक की."

तो अजून तिथेच आहे. बाई न्यायला आल्या नाहीत आणि मला तो काढवत नाही.