पहिलं ताट

कॅन्टीनमध्ये तिला सगळे मावशी म्हणायचे. दीडशे माणसांचा स्वयंपाक तिच्या हातचा, आणि मीठ कमी पडलंय हे तिला नुसत्या वासावरून कळायचं. दिवसा तिथे, संध्याकाळी घरी, अशी छत्तीस वर्षं गेली. दोन्हीकडे सगळ्यांना वाढून झालं की पातेल्याच्या तळाशी उरेल ते घेऊन ती बसायची. तसं तिला कुणी सांगितलं नव्हतं. नको म्हणून तरी कुणी सांगितलं होतं म्हणा!

मग घरात सून आली. पहिल्याच रविवारी तिने मावशीच्या हातातला डाव काढून घेतला. “आई, आज आधी तुम्ही बसा. मी वाढते.”

“अगं, पण यांचं जेवण व्हायचंय!”

“बाबा घेतील की हाताने.”

बाबांनी मुकाट्याने स्वतःचं ताट घेतलं.

मावशी अवघडून बसली. वाफाळत्या भातात रस्सा कालवला. चटके खाऊन निबर झालेल्या बोटांना काही कळलं नाही, आणि नेहमीसारखा मोठा घास तोंडात गेला. जीभ अशी पोळली, की डोळ्यांत पाणीच आलं. दीडशे जणांना रोज गरमागरम वाढणाऱ्या बाईला गरम खायची सवयच नव्हती.

जन्मभर “जरा गरम वाढ” म्हणत आलेला नवरा ओशाळला. पाण्याचा पेला पुढे सरकवत हळूच म्हणाला, “थांब जरा, गार होऊ दे.”

“नको,” मावशी घासावर फुंकर घालत म्हणाली, “गार पुष्कळ खाल्लंय.”