गेम टाकताना फुटलेला घाम

दुकानात काही साठवायचं नाही असं आम्ही बहीण-भावानं पहिल्याच दिवशी ठरवलं होतं. तरी फुगलेल्या बॅटऱ्या साठल्या, एका कानाचे इअरफोन साठले आणि किस्से तर इतके साठले की ठेवायला जागा नाही! आणि गंमत म्हणजे त्यातले निम्म्याहून जास्त किस्से घाबरण्याचे.

पेणला रामवाडीत हायवेच्या अंगाला आमचं मोबाईल रिपेअरिंगचं दुकान आहे. मी सुरेखा, आणि माझा धाकटा भाऊ संदेश. गेली काही वर्षं मोबाईलपेक्षा गेमचंच काम जास्त येतं. हातात मावणारी गेमची मशीन असते ना, पूर्वीची, तिच्यावरचे गेम आता साध्या फोनवर किंवा नव्या छोट्या मशीनवर चालतात. ते चालवणारं जे ॲप असतं, त्याला म्हणायचं एम्युलेटर. ॲप टाकायचं, गेमची फाइल योग्य फोल्डरमध्ये ठेवायची, बटणं जुळवायची. झालं.

झालं म्हणायला काय जातंय! लोक येतात ते हौसेनं, आणि दोन दिवसांनी पांढरेफटक होऊन परत येतात.

*

रोह्याचे एक रिटायर्ड मास्तर आहेत. फोनवर जे काही लिहून येईल ते शेवटच्या शब्दापर्यंत वाचणारे. आम्ही त्यांना एम्युलेटरची फाइल पाठवली आणि म्हटलं, घरी आरामात इन्स्टॉल करा, सोपं आहे.

संध्याकाळी दुकानाचा फोन वाजला. मास्तरच, पण नंबर त्यांच्या मिसेसचा. आवाज अगदी खालचा, कुणी ऐकत असल्यासारखा.

"सुरेखा, स्क्रीनवर आलंय की हे ॲप अज्ञात ठिकाणाहून आलंय आणि ते तुमच्या उपकरणाला हानी पोचवू शकतं."

"सर, ते सगळ्यांनाच येतं. खाली 'तरीही इन्स्टॉल करा' असेल, ते दाबा."

"ते मी दाबलं नाही."

"मग काय केलंत?"

"फोन अंगणात नेऊन ठेवलाय. वर लोखंडी बादली पालथी घातलीय. घरातल्या सगळ्यांना मागच्या दारी बसवलंय." मग आवाज आणखी खाली आणून म्हणाले, "आता बादली कुणी उचलायची, तेवढं सांग!"

*

कासूची एक म्हातारी आली होती, अनुसया आजी. भाताच्या रिकाम्या गोणपाटात काहीतरी गुंडाळून आणलेलं. काउंटरवर ठेवलं आणि स्वतः दोन पावलं मागे झाली. संदेशनं गोणपाट सोडलं तर आत नातीची गेमची मशीन, आणि तिच्यावर काळ्या दोऱ्यानं करकचून बांधलेलं लिंबू.

"आजी, काय झालं हिला?"

"त्यात बाय हाय."

"कोण बाय?"

"मला काय ठावं? चालू केलं का रडल्यावानी कायतरी बोलते. नातीला समजत नाय, मला समजत नाय. परवापास्नं पोर जेवली नाय धड."

हसण्यासारखं काही नव्हतं त्यात. संदेशनं लिंबू सोडलं, मशीन चालू केली, आणि आम्हीही ऐकलं. काळोख्या स्क्रीनवर एक बाई हुंदके देत बोलत होती. सांगायला हरकत नाही, माझ्याही अंगावर काटा आला. मग संदेशनं फाइलचं नाव बघितलं. कुणीतरी तिला गेमची जपानी फाइल टाकून दिली होती. गेमची सुरुवातच त्या रडणाऱ्या राणीनं व्हायची.

"आजी, भूतबीत काही नाही. जपानी बोलतेय ती. जपानची आहे."

आजीनं दोन पावलं पुढं येऊन स्क्रीनमध्ये डोकावून बघितलं.

"जपानची? आणि कासूला उतरली? आमच्या ठेसनावर तर निम्म्या गाड्या थांबत पण नायत!"

*

संदेशच्या मनात एक कायमची धास्ती आहे. जुने गेम असे टाकून देणं कायद्यात बसतं की नाही, ह्याची. मी त्याला सांगते, ज्याची फाइल त्यानं आणायची, आपण फक्त मशीन लावून द्यायची. पण खाकी रंग दिसला की त्याचे ओठ सुकतात.

एका दुपारी एक हवालदार थेट दुकानात शिरले. पूर्ण वर्दीत. संदेशनं टेबलावरच्या चारही मशीन उचलून आमच्या जेवणाच्या पिशवीत टाकल्या. माझ्या आमटीच्या डब्यावर!

"गेमचं काम इथंच होतं ना?" हवालदारांनी विचारलं.

"होतं... म्हणजे व्हायचं... आता नाय होत," संदेश म्हणाला.

हवालदारांनी मागे वळून बघितलं. रस्त्यावर कुणी नव्हतं. तरी त्यांनी दुकानाचं काचेचं दार लावून घेतलं. संदेशनं माझा हात घट्ट धरला. लहानपणी विजा चमकल्या की धरायचा, तसा.

हवालदारांनी खिशातून फोन काढला. त्यावर एम्युलेटर होतं, आत गाड्यांचा गेम.

"पंधरा दिवस झाले, ह्याच लेव्हलला अडकलोय," ते कुजबुजले. "मागे पोलिसांची गाडी लागते, आणि काही केल्या मला पोलिसांपासून सुटताच येत नाही. तेवढी पास करून द्या. पण कुणाला बोलू नका!"

*

तुषार आमचा जुना मित्र. रोह्याला केमिकल कंपनीत आहे. तिथं राहणाऱ्याला भोंगा म्हणजे काय ते सांगावं लागत नाही. भोंगा झाला की हातातलं टाकायचं, वाऱ्याची दिशा बघायची आणि पळायचं.

त्या दिवशी सकाळी रात्रपाळी सुटत होती. तुषार सगळ्यांच्या आधी बाहेर पडला आणि गेटबाहेर कंपनीच्या बसमध्ये जाऊन बसला. एसी बस, खिडक्या बंद, कानात इअरफोन. एम्युलेटरवर पाणबुडीचा नवीन गेम लोड केला. गेम सुरू झाला, पण आवाज नाही. त्यानं संदेशला मेसेज केला, "गेम चालतोय, साउंड येत नाय."

संदेशनं पेणवरून उत्तर दिलं, "व्हॉल्यूम फुल कर."

आता झालं होतं असं, की गेटबाहेर चहाची टपरी आहे. टपरीवाल्याकडे भजनांसाठी मोठा ब्लूटूथ स्पीकर. तुषारचा फोन कधीतरी त्याला जोडलेला, तो आपोआप पुन्हा जोडला गेला. आणि गेममध्ये पाणबुडीला भोक पडलं की भोंगा व्हायचा!

गेटमधून बाहेर पडणारी माणसं जागच्या जागी थांबली. कुणीतरी ओरडलं, "गॅस!" डबे पडले, चपला राहिल्या. सगळे वाऱ्याची दिशा दाखवणाऱ्या केशरी पिशवीकडे बघत उलट्या दिशेनं पळत सुटले. टपरीवाला तर उकळता चहा तसाच सोडून सगळ्यांच्या पुढं! मोकळ्या जागेत जमल्यावर मोजणी झाली. एक माणूस कमी. तुषार.

त्याचा सुपरवायझर रुमाल ओला करून, नाकाला बांधून परत आला. देवाचं नाव घेत घेत त्यानं बसचं दार उघडलं. तुषार मान खाली घालून बटणं दाबत होता.

"अरे, भोंगा ऐकू येत नाही तुला?"

तुषारनं कानातून इअरफोन काढला. "नाय ना! कधीपास्नं वाढवतोय!"

*

एक किस्सा मात्र हसण्यावारी नेता येत नाही.

पाटील म्हणून एक गृहस्थ. पन्नाशीचे असतील. लकवा मारल्यानं उजवा हात गेला होता. बोटं हलती राहावीत म्हणून त्यांच्या बायकोनं, वर्षावहिनींनी, त्यांना गेमची मशीन आणून दिली. उड्या मारत जाणाऱ्या बेडकाचा सोपा गेम होता. आधी त्यांना एक उडी जमत नव्हती. मग पहिली लेव्हल झाली, मग दुसरी. दोन महिन्यांत बारा लेव्हल. प्रत्येक लेव्हलला वहिनींचा आम्हाला फोन, "भाऊजी, सहावी झाली!"

मशीन हळू चालते म्हणून वहिनींनी ती दुकानात आणली. पाटीलही बरोबर आले. बाकावर बसले. संदेशनं कार्ड काढून कॉम्प्युटरला लावलं आणि तेवढ्यात लाइट गेली. परत आली तेव्हा कार्ड रिकामं होतं. आधी कॉपी करून ठेवायची, तेवढंच राहून गेलं होतं.

संदेश आतल्या खोलीत येऊन भिंतीला टेकला. "ताय, मी नाय सांगू शकत त्यांना. त्यांचे दोन महिने पुसले मी."

आम्ही कार्डावर सगळे उपाय केले. गेम परत आला, पण झालेल्या लेव्हलचा सेव्ह नाही. शेवटी मीच बाहेर जाऊन सांगितलं. वहिनींनी तोंडावर पदर धरला. बोलणं पाटलांना तसंही जड जायचं. त्यांनी डावा हात पुढं केला, मशीन मागितली, आणि तिथंच बाकावर पहिल्यापासून सुरू केलं.

आम्ही कुणी एकमेकांकडे बघत नव्हतो. नुसता बटणांचा आवाज. गिऱ्हाइकं आली, गेली. चहा आला, निवला. दिवेलागण व्हायच्या आत पाटलांनी मान वर केली आणि स्क्रीन आमच्याकडे वळवली. तेरावी लेव्हल!

वहिनी म्हणाल्या, "अहो, दोन महिने लागले होते ना ह्याला?"

पाटील स्क्रीनकडे बघत नव्हते. ते आपला उजवा हात उलटासुलटा करून बघत होते.

*

आणि नामाकाका. खाडीकाठच्या गावात राहतात. उभा जन्म मिठागरावर गेला, आता घरी असतात. डायबेटिस आहे. त्यांना आणि त्यांच्या मुलीला, कुंदाला, मी दोन मशीन लावून दिल्या होत्या. एकमेकांविरुद्ध खेळायला. काकांच्या फोनचा हॉटस्पॉट, म्हणजे फोनचंच वायफाय, चालू केला की दोन्ही मशीन आपोआप जोडल्या जातात. फोनमधलं काकांना बाकी काही येत नाही. मी त्यांचं बोट धरून एवढंच शिकवलं होतं: वरून खाली ओढायचं, मधलं बटण दाबायचं.

एका दुपारी मी त्या गावात दुसऱ्याच कामाला गेले होते. कुंदा धावत रस्त्यावर आली.

"ताय, बाबा सकाळी बांधावर गेलेत, उघाडी बघायला. जेवायला आले नायत. फोन वाजतो, उचलत नायत."

उघाडी म्हणजे खाडीचं पाणी अडवायचं दार. तिथपर्यंत दोन किलोमीटरचा बांध, एका बाजूला शेती, दुसऱ्या बाजूला तिवरांचं रान. आणि भरती लागलेली. आम्ही दोघी हाका मारत निघालो. उघाडीपाशी पोचलो, काका नाहीत. फोन लावत होतो, पण खेळताना त्रास नको म्हणून त्यांचा फोन कायम सायलेंटवर. तिवरांच्या मुळाशी पाणी चढताना दिसत होतं. कुंदाचा आवाज बसला होता.

परत फिरलो. ती चिखलात उतरून बघायला लागली, तेव्हा खिशातलं काहीतरी टोचलं म्हणून तिनं काढून माझ्या हातात दिलं. गेमची मशीन. दुपारी बाबा आले की खेळायचं म्हणून चालू करून ठेवलेली, घाईत तशीच खिशात घातलेली. मी सहज बघितलं आणि जागीच थांबले. कोपऱ्यात वायफायची खूण होती.

त्या ओसाड बांधावर वायफाय कुठलं?

मी दहा पावलं पुढे गेले. खूण गेली. मागे आले, आली. आणखी मागे गेले, पुन्हा गेली.

"कुंदा! इथं! इथंच कुठंतरी!"

बांधाच्या दगडांखाली, तिवरांच्या आत, काका अर्धवट पडले होते. पाणी कमरेला लागलेलं. डोळे उघडे, पण ओळख नाही. माझ्या ओरडण्यानं शेतातले तिघे जण धावत आले, त्यांनी उचलून वर काढलं. पेणला दवाखान्यात नेईपर्यंत कुंदा त्यांची छाती चोळत होती आणि मी नुसती देवाला हाका मारत होते. साखर एकदम खाली गेली होती. डॉक्टर म्हणाले, अजून तासभर उशीर झाला असता तर कठीण होतं.

दुसऱ्या दिवशी काका उशाला टेकून बसले होते. मी विचारलं, "काका, फोन का नाही उचललात?"

"दिसत नव्हतं गो. समदं पांढरं झालं. आकडे दिसंनात, हात आयकंनात."

"मग हॉटस्पॉट?"

काकांनी चादरीवर बोट ठेवलं आणि वरून खाली ओढलं.

"ते येक बोटाला ठावं व्हतं. म्हटलं, लावून ठेवू. कोणतरी खेलाला येल."